कॉर्नफ्लेक्सच्या खोक्यातला फ्लंकर

मृणालिनीने पोह्यांसाठी कांदा चिरायला घेतला होता आणि सावनी हॉलमध्ये टीव्हीसमोर मांडी ठोकून बसली होती. शनिवारची सकाळ, पार्सिपनीतलं भाड्याचं अपार्टमेंट, खिडकीबाहेर मार्चमधला मळकट, उरलासुरला बर्फ. तेवढ्यात सावनीने हॉलमधून वर्दी दिली.

"आई, लुक, फ्लंकर इज इन द कमर्शियल टू."

सहा वर्षांच्या मुलीचं साधं वाक्य. दुसऱ्या कुठल्याही घरात आईने 'हो का' म्हणून कांदा पुढे चिरला असता. मृणालिनीने मात्र कांदा तसाच टाकला. ती सुरी हातात तशीच घेऊन हॉलमध्ये धावली, तेव्हा जाहिरात संपत आली होती. एक गोरा मुलगा कॉर्नफ्लेक्सचं खोकं उलटं करत होता आणि त्यातून तीन डोळ्यांचं जांभळं बाहुलं त्याच्या वाटीत पडत होतं. लगेच कार्टून पुन्हा सुरू झालं, आणि त्यात तोच तीन डोळ्यांचा जांभळा फ्लंकर एका झाडामागे लपून बसला होता.

आता यात घाबरण्यासारखं काय, असं कुणीही विचारेल. ते कळायला मृणालिनीची नोकरी कळायला हवी, आणि ती तिच्या सासूबाईंनाही नागपुरात बसून आजवर कळली नव्हती. 'सून कार्टूनच्या ऑफिसात आहे,' असं त्या शेजारणींना सांगत, आणि शेजारणी समजत की सून चित्रं काढते. ती कसली चित्रं काढतेय. मांजर काढलं असतं तर ते मांजर आहे असं खाली लिहावं लागलं असतं.

तिच्या कंपनीचा 'सनीसाइड क्लब' नावाचा एक ब्लॉक होता. म्हणजे शनिवारी सकाळी लागोपाठ दाखवायची चार कार्टूनं, त्यांच्या मधल्या जाहिराती आणि सुरुवातीला हसणारा सूर्य, असा तयार गठ्ठा. तो कंपनी उपग्रहावरून गावोगावच्या लहानमोठ्या स्टेशनांना पाठवायची. स्टेशनं तो टेप करून ठेवायची आणि शनिवारी आपापल्या गावच्या घड्याळाप्रमाणे लावायची. एके काळी या ब्लॉकची चांगलीच चलती होती. घरोघर केबल नव्हती तेव्हा पोरांना कार्टून हवं तर शनिवारी लवकर उठण्यावाचून गत्यंतर नव्हतं. ऑफिसातली जुनी माणसं सांगायची की तेव्हा सनीसाइड क्लब रविवारीही असे आणि रोज दुपारी शाळा सुटल्यावरही असे. मग दिवसभर कार्टूनच दाखवणारी चॅनेलं आली. आधी दुपार गेली, मग रविवार गेला. २००३ साली उरला होता तो शनिवार सकाळचा तुकडा, आणि तोही स्टेशनं काही प्रेमापोटी दाखवत नव्हती. मुलांना ज्ञान देणारं काहीतरी दर आठवड्याला दाखवलंच पाहिजे असा सरकारी नियम होता. सनीसाइड क्लबमध्ये प्रत्येक कार्टूनच्या शेवटी एखादं सोंग येऊन दात घासायला किंवा रस्ता ओलांडायला शिकवायचं, आणि तेवढ्यावर नियम पाळल्यासारखं व्हायचं.

दुसरा नियम जाहिरातींचा, आणि तो जीवघेणा होता. कार्टूनमधलं पात्र त्याच कार्टूनच्या मधल्या जाहिरातीत येता कामा नये. लहान पोराला गोष्ट कुठे संपली आणि विक्री कुठे सुरू झाली ते कळत नाही, म्हणून हा कायदा. तो मोडला तर नुसती ती जाहिरात नाही, ते अख्खं कार्टूनच जाहिरात म्हणून धरलं जायचं, आणि दंड बसायचा तो दाखवणाऱ्या प्रत्येक स्टेशनला वेगवेगळा. आधीच एक पाय बाहेर काढून बसलेल्या स्टेशनांना ब्लॉक सोडायला एवढं निमित्त पुष्कळ होतं. म्हणून गठ्ठा उपग्रहावर चढवण्याआधी प्रत्येक जाहिरात शेवटपर्यंत डोळ्यांखालून घालायचं काम कंपनीने एका माणसावर सोपवलं होतं. जाहिरातींची जुळणी करणारं सॉफ्टवेअर मृणालिनी सांभाळायची, तेव्हा हे कामही तिच्याच गळ्यात पडलं होतं.

आणि या आठवड्याच्या जाहिराती मृणालिनीने पाहिल्याच नव्हत्या. त्या विनयने पाहिल्या होत्या.

विनय तिचा नवरा, आणि तिच्याहून हुशार. हे ती स्वतःच सगळ्यांना सांगायची. टेलिफोनची यंत्रं बनवणाऱ्या एका कंपनीत तो चांगल्या जागेवर होता. त्या धंद्याचा फुगा फुटला आणि एका शुक्रवारी विनय आपल्या टेबलावरचं सामान पुठ्ठ्याच्या खोक्यात भरून घरी आला. तेव्हापासून तो बायकोच्या व्हिसावर राहणारा नवरा होता. अशा नवऱ्याला या देशात राहता येतं, खाता येतं, गाडीवरचा बर्फ खरवडता येतो. कामाला मात्र हात लावता येत नाही, अगदी फुकटही नाही. पहिले काही महिने त्याने रोज अर्ज पाठवले. मग तो दाढी करायचा थांबला. दुपारी झोपायला लागला. मृणालिनी ऑफिसातून यायची तेव्हा घरात दिवाही लावलेला नसायचा, आणि ते बघून तिच्या काळजाचं पाणी व्हायचं.

टेप घरी न्यायला डेबीनेच सांगितलं होतं. डेबी म्हणजे मृणालिनीची बॉस. 'मुलगी लहान आहे तुझी, ऑफिसात थांबू नकोस, घरी सोफ्यावर बसून बघ,' असं ती म्हणाली होती. पहिल्या बुधवारी नवराबायको दोघांनी मिळून जाहिराती पाहिल्या. नंतर मृणालिनी मध्येच कुकर लावायला उठू लागली. मग विनय म्हणू लागला, "तू कर तुझं, मी बघतो." बुधवारी तो दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून टीव्हीसमोर बसू लागला, आणि ते दृश्य बघून मृणालिनीला इतकं बरं वाटलं की आपण काय करतोय हे तिने स्वतःला विचारलंच नाही. घरच्या माणसाने हातभार लावला तर त्यात एवढं काय? आपल्याकडे नवरा जेवायला गेला की दुकानाच्या गल्ल्यावर बायको बसते, आणि मास्तरांचे पेपर मास्तरांची बहीण तपासते. तिकडे याला कुणी नावही ठेवत नाही. इथे त्याला नाव होतं, आणि ते मृणालिनीला पक्कं ठाऊक होतं.

"विनय," तिने हाक मारली. आवाज नेहमीसारखा काढायचा तिने प्रयत्न केला. "कॉर्नफ्लेक्सची जाहिरात तू शेवटपर्यंत बघितली होतीस?"

विनय धुतलेल्या कपड्यांची टोपली घेऊन बाहेर आला. "बघितली की. का?"

"फ्लंकर फेल इन द बोल," सावनीने टीव्हीवरची नजर न काढता सांगितलं. "इट वॉज सो फनी."

विनयने टोपली खाली ठेवली. त्याचा चेहरा पांढराफटक पडला. मृणालिनीने त्याला दंडाला धरून स्वयंपाकघरात नेलं.

"खरं सांग."

"अर्विंगहून फोन आला होता," तो म्हणाला. "नोकऱ्या लावून देणाऱ्या त्या रिक्रूटरचा. टेप चालूच होती आणि मी इकडे येऊन बोलत होतो. परत गेलो तर ती जाहिरात संपली होती, शेवटचं नुसतं खोकं दिसलं. कॉर्नफ्लेक्सची होती यार. कॉर्नफ्लेक्समध्ये काय असणार? मी पुढे गेलो."

"मला सांगितलं नाहीस."

"काय सांगू? त्याने व्हिसा कुठला ते विचारलं आणि फोन ठेवला. तेवढं सांगायला तुला बोलावू?"

मृणालिनीला रागवायला हवं होतं. पण रागाला जागाच उरली नव्हती, इतकी ती घाबरली होती. नोकरी गेली की त्याच दिवसापासून इथला मुक्काम बेकायदा. तिच्या नोकरीच्या खुंटीला तिघंही टांगलेली होती. ती स्वतः, हा तिच्यासमोर उभा असलेला माणूस, आणि बाहेर बसलेली, ज्या देशात जन्मली तो देश आता ओळखतही नसलेली मुलगी. ग्रीन कार्डचा अर्ज कुठल्यातरी सरकारी कपाटात पडून होता, तोही याच नोकरीच्या नावाने. आणि ही नुसती चूक असती तर गोष्ट वेगळी होती. काम करायची परवानगी नसलेल्या माणसाने तिचं काम केलं होतं, महिनोन्‌महिने केलं होतं. हे कळलं तर पुन्हा या देशाचा व्हिसा मागायलाही तोंड उरलं नसतं.

"कुणाच्या लक्षात येणार आहे?" विनय हळूच म्हणाला. "क्षणभराची गोष्ट आहे. शनिवारी सकाळी मोठी माणसं झोपलेली असतात."

"आपल्या मुलीच्या लक्षात आलं. इतकी पोरं बघतात, त्यातल्या एकाच्या बापाला तरी कायदा माहीत असेल. कोंबडं झाकलं म्हणून उजाडायचं राहत नाही, विनय."

विनय ओट्याला टेकून उभा राहिला. थोड्या वेळाने त्याने मान वर केली. नोकरीत असताना अडलेल्या यंत्राचं दुखणं सापडलं की तो असाच मान वर करायचा.

"इकडे उजाडलंय," तो म्हणाला. "तिकडे अजून अंधार आहे. शिकागोवाले आता लावतील. डेन्व्हर त्यानंतर. कॅलिफोर्नियात तर पोरं अजून उठलीही नसतील. त्यांची थांबवता येईल, मृणाल."

थांबवता येईल, पण त्यासाठी डेबीला सांगावं लागेल. आणि सांगितलं की डेबी विचारणार. न सांगावं तर तासागणिक एकेक गाव वाढत जाणार आणि सगळ्याचं पाप तिच्याच माथी बसणार. इकडे आड, तिकडे विहीर. मृणालिनीने हात धुतले, पुसले, पुन्हा धुतले. मग तिने डेबीला फोन लावला.

"डेबी, माझी चूक झाली," ती इंग्रजीत म्हणाली, आणि काय झालं ते सांगितलं. माझी, असंच म्हणाली.

पलीकडे कुत्रा भुंकत होता. डेबीने त्याला गप्प केलं. मग तिने एवढंच विचारलं, टेप तुझ्याकडेच आहे ना, आणि घरी फोन किती आहेत. ऑफिस शनिवारी कुलूपबंद असायचं आणि चावीवाल्याला उठवण्याइतका वेळ नव्हता. डेबी शेजारच्याच गावात राहायची. "मी तुझ्याकडे येते," ती म्हणाली आणि फोन ठेवला.

ती घरी येणार, हे मृणालिनीच्या हिशेबातच नव्हतं. फोनवर खोटं बोलणं तिला कसंबसं जमलं होतं. आता बॉस तिच्या हॉलमध्ये बसणार होती, आणि हॉलमध्ये सावनी होती.

सावनीच्या तोंडात तीळ भिजत नसे. पाहुणे महिनाभर राहिले हे तिने अपार्टमेंटच्या मॅनेजरला लिफ्टमध्ये सांगितलं होतं. बाबा दुपारी झोपतात हे तिने शाळेतल्या टीचरला सांगितलं होतं, आणि शोभनाकाकूंनी आणलेली बर्फी आईला आवडली नाही हे शोभनाकाकूंनाच. त्यात ती मराठी सगळं समजायची आणि उत्तर मात्र इंग्रजीत द्यायची. दुकानात मृणालिनीने मराठीत हळूच 'महाग आहे, चल' म्हणावं, आणि सावनीने दुकानदारासमोर खणखणीत आवाजात 'व्हाय इज इट एक्स्पेन्सिव्ह?' विचारावं. इथल्या सगळ्या मराठी घरांना आडोसा म्हणून आपली भाषा पुरायची. या घरात ती मुलगीच भिंत पाडून टाकायची.

मृणालिनीने तिला बेडरूममध्ये नेलं, पलंगावर बसवलं आणि स्वतः तिच्यासमोर जमिनीवर बसली.

"सावनी, आता डेबी येतेय. आईची बॉस. बाबा बुधवारी जाहिरातींची टेप बघतात ना, ते तिला सांगायचं नाही."

"व्हाय?"

"कारण ते आईचं काम आहे."

"बट बाबा डज इट."

"हो. पण सांगायचं नाही."

"डिड बाबा डू समथिंग बॅड?"

"नाही गं."

"देन व्हाय कान्ट आय टेल हर?"

मृणालिनीने समजावायचा प्रयत्न केला. आई दमते म्हणून बाबा मदत करतात, पण डेबीला ते आवडणार नाही, वगैरे. सावनीने प्रत्येक वाक्याला नवा प्रश्न काढला आणि तिचा आवाज हॉलपर्यंत जाईल इतका मोठा होता. खाली गाडीचं दार वाजलं. मृणालिनीचा धीर सुटला. जे बोलायचं नाही असं तिने आणि विनयने कधीपासून ठरवलं होतं, ते ती बोलून गेली.

"तू सांगितलंस तर आपल्याला इथून जावं लागेल. हे घर, तुझी शाळा, तुझी मैत्रीण स्वानंदी, सगळं सोडून. परत येता येणार नाही."

सावनीने खोलीभर नजर फिरवली, कपाटाकडे, खिडकीकडे, मग आईकडे.

"टुडे?" तिने विचारलं.

बेल वाजली. मृणालिनीला उत्तर द्यायला वेळ मिळाला नाही.

डेबी पन्नाशीची, ऐसपैस बाई होती. केस ओले, अंगात मुलाचा असावा असा ढगळ स्वेटशर्ट. तिने विनयशी हात मिळवला, सावनीच्या डोक्यावरून हात फिरवला आणि थेट टीव्हीकडे गेली. जाहिरात नेमकी कुठे येते ते कळल्याशिवाय स्टेशनांना काय झाका म्हणून सांगणार? मृणालिनीने टेप घातली. डेबी रिमोट घेऊन उभी राहिली.

"कुठे आहे?"

मृणालिनीला ते माहीत नव्हतं. आपल्याला माहीत नाही हे तिला त्या क्षणी कळलं. तिने तोंड उघडलं. तिच्या आधी विनय बोलला.

"ज्यूसच्या जाहिरातीनंतर. जवळजवळ शेवटी."

मदत करायची म्हणून तो बोलला होता. बोलून गेल्यावर त्याच्या लक्षात आलं. डेबीने मान वळवून त्याच्याकडे बघितलं, काहीच न बोलता टेप पुढे पळवली, आणि ज्यूसच्या जाहिरातीनंतर कॉर्नफ्लेक्सचं खोकं पडद्यावर आलं. तिने शेवटपर्यंत बघितलं. फ्लंकर वाटीत पडला तेव्हा तिने तोंडातल्या तोंडात एक शिवी हासडली.

मग फोन सुरू झाले. डेबीकडे सगळ्या स्टेशनांचे नंबर होते. तिने घरचा फोन घेतला, मृणालिनीने स्वतःचा सेलफोन. मधल्या गावांपासून सुरुवात करून पश्चिमेकडे सरकायचं. प्रत्येक ठिकाणी तेच सांगायचं, दुसऱ्या कार्टूनमध्ये दुसऱ्यांदा जाहिराती लागतील तेव्हा त्यांच्यावर तुमचं स्वतःचं काहीतरी चढवा, बातम्यांची झलक, हवामान, काहीही. शनिवारी सकाळी स्टेशनात एखादाच माणूस जागा असतो, आणि तोही पेंगत असतो. कॅन्ससमधल्या एकाला मृणालिनीचे उच्चार कळेनात. तिने तीनतीनदा सांगितलं. दक्षिणेतल्या एका गावात फोन नुसता वाजत राहिला. तिथे यंत्रच सगळं लावत होतं. ते गाव गेलं. डेन्व्हर वाचलं. फिनिक्स वाचलं.

पण मृणालिनीचे कान आपल्या फोनवर नव्हतेच. पाठीमागे सावनी गालिच्यावर रंगखडू पसरून बसली होती, आणि तिने नुसतं 'बाबा' म्हटलं तरी मृणालिनीच्या अंगावर काटा येत होता. विनयने पोहे केले. ते कुणी खाल्ले नाहीत. डेबीने एकदा फोनवर थांबलेली असताना त्याला विचारलं, हल्ली काय करतोस, आणि तो म्हणाला, घर बघतो. हे उत्तर तो नेहमी खाली मान घालून द्यायचा. आज त्याने ते डेबीकडे बघून दिलं, आणि मृणालिनीला वाटलं, हा आता सगळं कबूल करून टाकणार. विनय खोटं बोलायला कच्चा होता. लग्नाआधी तिला त्याची तीच गोष्ट आवडली होती, आणि आज तिला त्याच गोष्टीची भीती वाटत होती.

सिएटलचा फोन शेवटचा. डेबीने रिसीव्हर ठेवला, खुर्चीत मागे टेकली आणि डोळे चोळले.

"पूर्वेकडचं गेलं ते गेलं," ती म्हणाली. "सोमवारी मी वकिलाला सांगणार. आपण होऊन सांगितलेलं बरं. तो पहिलं हेच विचारेल, टेप कुणी बघितली. आपल्या माणसाने बघितली आणि नजर चुकली, तर ती चूक. तुला बोलणी बसतील, मलाही बसतील, आणि संपेल. पण आपल्या माणसाने बघितलीच नसेल, दुसऱ्याच कुणीतरी बघितली असेल, तर मग ते माझ्या हातात राहत नाही. तुझा व्हिसा कसला आहे ते मला माहीत आहे, मृणालिनी. म्हणून विचारतेय. तू बघितलीस?"

"मी बघितली."

डेबी दुष्ट बाई नव्हती. तशी असती तर तिच्याशी खोटं बोलताना मृणालिनीला तेवढं वाईट वाटलं नसतं, पण या बाईने तिला टेप घरी नेऊ दिली होती. डेबीने मग विनयकडे बघितलं. विनय सोफ्याच्या पाठीला दोन्ही हातांनी धरून उभा होता. त्याने घसा खाकरला. मृणालिनीला कळलं की आता तो बोलणार, आणि तिला त्याला अडवता येणार नव्हतं.

त्याच्या आधी डेबी खाली वाकली. आवाज एकदम गोड झाला, लहान मुलांशी बोलतानाचा.

"हनी, द टेप कम्स होम ऑन वेन्सडे, राइट? हू वॉचेस इट?"

सावनीने खडू खाली ठेवला. तिने आईकडे बघितलं नाही. बाबाकडेही नाही. ती सरळ डेबीच्या डोळ्यांत बघत होती.

"माय मॉम," ती म्हणाली. "एव्हरी वेन्सडे. बाबा मेक्स डिनर."

"इज ही अ गुड कुक?"

"नो. ही बर्न्स द राइस." सावनी हसली. "आय हॅव टू स्टे इन माय रूम, बिकॉज मॉम सेज इट्स वर्क."

डेबी खो खो हसली. तिच्या खांद्यांवरचं ओझं उतरलेलं स्पष्ट दिसलं. विनयने तोंड मिटलं. विनयने भात कधी करपवला नव्हता. सावनीला बुधवारी कुणी खोलीत पाठवलं नव्हतं. झोप लागेपर्यंत ती विनयच्या मांडीवर बसून जाहिराती बघायची. हे कुणी तिला सांगायला सांगितलं नव्हतं. नको ते सांगू नकोस एवढंच मृणालिनीने शिकवलं होतं. बाकीचं तिने स्वतः रचलं होतं, तिथल्या तिथे.

डेबीने कोट चढवला, टेप पर्समध्ये टाकली. दाराशी तिने मृणालिनीचा हात दाबला.

"माफ कर, मला विचारावं लागलं," ती म्हणाली. "सोमवारी मी तुझ्या बाजूने उभी राहीन. पोरं खोटं बोलत नाहीत."

दार लागलं. जिन्यावरचे पावलांचे आवाज गेले, खाली गाडी सुरू झाली, तरी दोघं नवराबायको जागची हलली नाहीत. मृणालिनीला वाटलं होतं, हे टळलं की आपण रडू, नाहीतर निदान खुर्चीत बसू. तिला काहीच करावंसं वाटेना. सकाळपासूनची भीती कमी झाली नव्हती. ती आता गालिच्यावर बसलेल्या मुलीकडे वळली होती.

सावनी उठून तिच्याजवळ आली. तिने आधी दाराकडे बघितलं, मग आईच्या ओढणीचा पदर धरून तिला खाली वाकवलं आणि तिच्या कानाशी तोंड नेलं. शाळेत जायला लागल्यापासून तिने एक अख्खं मराठी वाक्य घरात बोललेलं नव्हतं. आता ती कुजबुजली, तेही चांगलं स्पष्ट मराठीत.

"आई, मी बरोबर सांगितलं ना?"

"हो," मृणालिनी म्हणाली.

"आता नाही ना जायचं आपल्याला?"

"नाही."

सावनीने थोडा विचार केला. दार बंद होतं, घरात चौथं कुणी नव्हतं, तरी तिचा आवाज तसाच हळू होता.

"आणि शाळेत टीचरने विचारलं तर?"

मृणालिनीने विनयकडे बघितलं. विनय जमिनीकडे बघत होता.

"तर हेच सांगायचं," ती म्हणाली.